पाहिल्यावाचून निवाडा नको
रॉजर एबर्ट ह्या चित्रपट-परीक्षकाची जीवनकथा

गेल्या पावसाळ्यातील एका रविवारची गोष्ट. प्रवचनाच्या ओघात आम्ही एका नव्या चित्रपटाचे नाव घेतले व आपल्या धर्मग्रामातील कोणीही तो पाहू नये, असे वेदीवरून बजावले. मिस्सा आटोपल्यावर आम्ही देवळाच्या दाराशी उभे होतो. लोक छत्र्या उघडून घराकडे निघाले होते. तेवढ्यात एक वृद्ध बाई जवळ आल्या. हातात जपमाळ, पायांत चिखलाने भरलेल्या चपला. त्या हळूच म्हणाल्या, "फादर, रागावू नका, पण एक विचारते. तुम्ही बघितलात का तो सिनेमा?"

आम्ही पाहिला नव्हता. एका धर्मगुरुबंधूने भेटीत त्याविषयी सांगितले होते, आणि त्यांनीही ते कोठेतरी वाचलेलेच होते. आम्ही म्हणालो, "नाही हो, आजी." त्यावर त्या इतकेच म्हणाल्या, "मग बरं," आणि पदर सावरून पावसात चालू लागल्या. त्यांच्या शब्दांत टोमणा नव्हता. तथापि त्या दोन शब्दांनी त्या रात्री आमची जी सदसद्‍विवेकबुद्धीची तपासणी करविली, ती एखाद्या तपसाधनेतही क्वचितच झाली असेल.

त्या निमित्ताने आम्हांस एका माणसाच्या जीवनाची आठवण झाली. सेहेचाळीस वर्षे चित्रपट पाहणे व त्यांवर निवाडा देणे हाच ज्याचा धंदा होता, अशा ह्या माणसाने एकदा आमच्यासारखीच चूक केली आणि ती जगासमोर कबूल करून दुरुस्त केली. त्याचे नाव रॉजर एबर्ट. आमच्या वाचकांपैकी अनेकांनी ते ऐकलेले नसेल. परंतु आज प्रत्येक घरात, प्रत्येकाच्या हातातील फोनवर, लहानथोर सर्वजण अंगठा वर करून आपली पसंती कळवीत असतात. त्या अंगठ्याला चित्रपटाच्या परीक्षेत मानाचे स्थान मिळवून देणाऱ्या दोघांपैकी हे एक होत. म्हणून त्यांची कथा आपल्या कुटुंबांपुढे मांडावी असे वाटले.

वीजकामगाराचा मुलगा

रॉजर एबर्ट ह्यांचा जन्म १८ जून १९४२ रोजी अमेरिकेतील इलिनॉय राज्यात अर्बाना ह्या गावी झाला. हा सारा मुलूख सपाट, मक्याच्या शेतांचा. मध्येच हे गाव व त्याला लागून असलेले मोठे विद्यापीठ. वडील वॉल्टर हे त्याच विद्यापीठात विजेची कामे करीत. आई ॲनाबेल हिशेब लिहिण्याचे काम करी. हे त्यांचे एकुलते एक अपत्य.

वडिलांविषयीची एक आठवण एबर्ट पुढे सांगत असत. मुलाने आपल्यासारखे वीजकामगार व्हावे, हे वडिलांना मान्य नव्हते. इंग्रजी विभागाच्या इमारतीत तारा ओढीत असताना त्यांना तेथील प्राध्यापक मेजावर पाय टाकून, पाइप ओढीत पुस्तके वाचताना दिसत. घरी येऊन ते मुलाला सांगत की, तुझ्यासाठी हेच जीवन योग्य आहे. हे वडील १९६० साली फुप्फुसाच्या कर्करोगाने वारले. मुलगा अठरा वर्षांचाही पुरता झाला होता न झाला तोच. आपण केलेले कष्ट मुलाच्या वाट्यास येऊ नयेत म्हणून झटणारे असे बाप आपल्या गावांतही थोडे नाहीत.

आई कॅथलिक होती. रॉजरचे प्राथमिक शिक्षण सेंट मेरीज ह्या कॅथलिक शाळेत धर्मभगिनींच्या हाताखाली झाले. तो वेदीसेवक होता, लॅटिन मिस्सेची उत्तरे त्याला पाठ होती, आणि आपला मुलगा धर्मगुरू व्हावा अशी आईची मनापासून इच्छा होती. ती फळास आली नाही. परंतु आपली मूलभूत नीतितत्त्वे आपण त्या शाळेतील धर्मभगिनींकडूनच शिकलो, हे एबर्ट ह्यांनी आयुष्याच्या शेवटापर्यंत कृतज्ञतेने नमूद केले. जी भगिनी आज एखाद्या खेड्यातील शाळेत पहिलीच्या मुलांना क्रुसाची खूण शिकवीत आहे, तिने हे लक्षात ठेवावे. आपण पेरलेले कोठे उगवेल, हे पेरणाऱ्यास दिसत नाही.

पंधराव्या वर्षीच हा मुलगा गावच्या 'न्यूज-गॅझेट' पत्रात शाळांच्या खेळांचे वृत्तान्त लिहू लागला. पुढे इलिनॉय विद्यापीठात तो विद्यार्थ्यांच्या 'डेली इलिनी' ह्या दैनिकाचा संपादक झाला व १९६४ साली पदवीधर झाला. नंतर रोटरीच्या शिष्यवृत्तीवर दक्षिण आफ्रिकेत केपटाउन येथे एक वर्ष काढून तो शिकागो विद्यापीठात इंग्रजी साहित्याच्या उच्च अभ्यासासाठी आला. पोटापाण्यासाठी १९६६ साली त्याने 'शिकागो सन-टाइम्स' ह्या दैनिकात नोकरी धरली. एप्रिल १९६७ मध्ये त्या पत्राने चोविसाव्या वर्षीच त्याला चित्रपट-परीक्षक नेमले. पुढच्याच महिन्यात, ७ मे १९६७ रोजी, ख्रिस्तसभेने पहिला 'जागतिक संपर्कमाध्यम दिन' पाळला. योगायोगच तो, परंतु छापील पत्र, चित्रपट व दूरचित्रवाणी ही नवी शेते आता नांगरावयास हवीत, ही जाणीव त्या काळी सर्वत्रच होत होती, असे त्यावरून म्हणता येईल.

परीक्षकाचे काम

परीक्षक म्हणजे फुकट चित्रपट पाहणारा भाग्यवान मनुष्य, अशी पुष्कळांची समजूत असते. प्रत्यक्षात हे काम कष्टाचे आहे. चित्रपट लोकांपुढे येण्यापूर्वी एका लहानशा अंधाऱ्या खोलीत बसून तो पहावयाचा, अंधारातच टिपणे करावयाची आणि ठरल्या दिवशी, ठरल्या वेळी लेख द्यावयाचा. चांगले चित्रपट थोडे. सुमार व टाकाऊ पुष्कळ. तरी प्रत्येकासाठी शब्द शोधावेच लागतात, कारण तो लेख वाचून कोणी मजूर आपल्या घामाचे पैसे तिकिटावर घालणार असतो.

एबर्ट ह्यांची लेखनशैली साधी होती. विद्वत्तेचे प्रदर्शन त्यांनी टाळले. चित्रपटाचा विषय काय आहे एवढ्यावर थांबू नका. तो विषय कसा हाताळला आहे हे पाहा, असा त्यांचा आग्रह असे. चोराची कथा सांगणारा चित्रपट चोरीचे कौतुक करतो असे नव्हे, आणि संताची कथा सांगणारा प्रत्येक चित्रपट भक्ती वाढवितोच असेही नव्हे. दुसरे असे की, चित्रपट ज्यांच्यासाठी काढला आहे त्यांच्या दृष्टीने तो कसा आहे, हे ते पहात. मुलांच्या चित्रपटास प्रौढांच्या चित्रपटाचा गज लावणे त्यांना अन्यायाचे वाटे. आणि तिसरे, आपणांस हसू आले, रडू आले, की कंटाळा आला, हे ते प्रामाणिकपणे सांगत. दुसऱ्यांना काय वाटावयास हवे, हे ठरवीत नसत.

१९७५ साली त्यांना पुलित्झर पारितोषिक मिळाले. चित्रपट-परीक्षणासाठी हा बहुमान मिळविणारे ते पहिलेच. त्याच वर्षी त्यांच्या आयुष्यात दुसरी एक मोठी गोष्ट घडली.

दोन खुर्च्या, दोन अंगठे

शिकागोच्या सार्वजनिक दूरचित्रवाणी केंद्राने १९७५ साली चित्रपटांविषयी एक कार्यक्रम सुरू केला व त्यासाठी शहरातील दोन प्रतिस्पर्धी दैनिकांच्या परीक्षकांना शेजारी शेजारी बसविले. एक 'सन-टाइम्स'चे एबर्ट, दुसरे 'शिकागो ट्रिब्यून'चे जीन सिस्केल. दोघांत मुळीच सख्य नव्हते. एबर्ट अंगाने स्थूल, सिस्केल उंच व सडपातळ. एक कॅथलिक घरातला, दुसरा यहुदी घरातला. चित्रपटातील काही भाग दाखवावयाचा व मग दोघांनी त्यावर वाद घालावयाचा, एवढाच तो साधा कार्यक्रम. परंतु लोकांना तो फार आवडला. घरातील दोघा भावांनी जेवताना वाद घालावा तसे ते बोलत. हा कार्यक्रम पुढे साऱ्या देशभर दिसू लागला, आणि १९८६ पासून तो त्या दोघांच्याच नावाने चालू लागला.

शेवटी निवाडा द्यावयाचा तो अंगठ्याने. आवडल्यास अंगठा वर, न आवडल्यास खाली. आपल्याकडे अंगठा दाखविणे म्हणजे ठेंगा दाखविणे. तिकडे तीच पसंतीची खूण. दोघांचे अंगठे वर झाले की चित्रपटाच्या जाहिरातीत ते मोठ्या अक्षरांत झळके.

ह्या सामर्थ्याचा त्यांनी चांगला उपयोगही केला. १९९४ साली शिकागोतील दोन गरीब कृष्णवर्णीय मुलांच्या जीवनावर 'हूप ड्रीम्स' नावाचा एक लांबलचक माहितीपट निघाला. त्यात कोणी प्रसिद्ध नट नव्हता व त्याला गिऱ्हाईक मिळण्याची आशा थोडी होती. ह्या दोघांनी त्याची सतत बाजू घेतली, व तोच वर्षातील सर्वोत्तम चित्रपट असे दोघांनीही एकमताने सांगितले. मोठ्याचा ढोल वाजविणारे पुष्कळ असतात. ज्याच्याकडे कोणी पहात नाही त्याच्याकडे बोट दाखविणारा विरळा.

आपल्या देशाकडेही एबर्ट ह्यांचे लक्ष होते. सत्यजित राय ह्यांच्या 'पथेर पांचाली' (१९५५), 'अपराजितो' (१९५६) व 'अपूर संसार' (१९५९) ह्या तीन चित्रपटांचा समावेश त्यांनी जगातील थोर चित्रपटांवरील आपल्या लेखमालेत केला. बंगालमधील एका दरिद्री ब्राह्मण कुटुंबाची ती कथा मक्याच्या शेतांच्या मुलखातल्या ह्या माणसाला परकी वाटली नाही. आपल्या जन्मभूमीत त्यांनी १९९९ पासून दुर्लक्षित चित्रपटांचा एक वार्षिक महोत्सव सुरू केला होता; तेथे २००५ साली हिंदीतील 'ताल' हा चित्रपटही दाखविण्यात आला. चित्रपट हे दुसऱ्याच्या जागी स्वतःस ठेवून पाहावयास शिकविणारे एक यंत्र आहे, अशा अर्थाचे ते बोलत. शेजाऱ्यावर स्वतःसारखी प्रीती करावी, ही आज्ञा मानणाऱ्या आपणांस ही कल्पना नवी वाटू नये.

काळी बाजू

आम्ही येथे कोणा संताचे चरित्र लिहीत नाही. एबर्ट ह्यांच्या हातून चुका झाल्या, व त्या झाकणे प्रामाणिकपणाचे होणार नाही. १९७० साली त्यांनी स्वतः एका चित्रपटाची पटकथा लिहिली. तो चित्रपट असा होता की, अमेरिकेत त्यास केवळ प्रौढांसाठी असा कडक शिक्का बसला. कोणत्याही कुटुंबाने एकत्र बसून पहावा असा तो नव्हे. दुसऱ्यांच्या चित्रपटांना तराजूत घालणाऱ्याच्या स्वतःच्या पारड्यात हेही पडलेले आहे.

दुसरी गोष्ट मद्याची. वृत्तपत्राचे काम संपले की रात्री गुत्त्यात बैठक, हा त्या काळच्या पत्रकारांचा परिपाठ होता. त्यात हे चांगलेच अडकले. १९७९ च्या ऑगस्टमध्ये त्यांनी दारू सोडली, ती कायमची. ही सुटका त्यांना 'अल्कोहॉलिक्स ॲनॉनिमस' ह्या संघटनेच्या बैठकांतून लाभली. तेथे व्यसनी माणसे एकत्र बसतात, आपण व्यसनी आहोत हे प्रथम कबूल करतात, व एकेक दिवस न पिता काढण्यास एकमेकांस आधार देतात. तीस वर्षांनी, २००९ साली, एबर्ट ह्यांनी ही सारी हकीकत आपल्या नावानिशी लिहून प्रसिद्ध केली. ती वाचून आणखी कोणी वाचेल, हाच हेतू.

ह्या संघटनेच्या बैठका आपल्या देशातही अनेक शहरांत भरतात, व पुष्कळ ठिकाणी ख्रिस्तमंदिराच्याच आवारात भरतात. ज्या घरात संध्याकाळ झाली की मुले बापाच्या पावलांचा आवाज ऐकून कोपऱ्यात सरकतात, त्या घरातील मंडळींनी हे लक्षात घ्यावे. लाज वाटते म्हणून गप्प बसू नये. आमच्याकडे यावे, आम्ही स्वतः सोबत येऊ.

अठरा जुलै १९९२ रोजी, वयाच्या पन्नासाव्या वर्षी, एबर्ट ह्यांचा विवाह चॅझ ह्या कृष्णवर्णीय वकील बाईंशी झाला. पुढे जे दुर्दैव ओढवले त्यात ह्या पत्नीने त्यांना कसे सांभाळले, हे वाचताना विवाहाच्या वेळी वधूवर जे वचन एकमेकांस देतात त्यातील "सुखात व दुःखात, आरोग्यात व आजारात" हे शब्द डोळ्यांपुढे उभे राहतात.

आवाज गेला, लेखणी राहिली

२० फेब्रुवारी १९९९ रोजी सिस्केल वारले. वय अवघे त्रेपन्न. त्यांच्या मेंदूत गाठ झाली होती, परंतु दुखण्याचे खरे स्वरूप त्यांनी घरच्यांखेरीज कोणास कळू दिले नाही. सोबत्याचा नीट निरोपही घेता आला नाही, ह्याचे एबर्ट ह्यांना फार वाईट वाटले. वीसहून अधिक वर्षे भांडता भांडता ते दोघे भाऊ झाले होते. आपल्यावर असा प्रसंग आला तर आपण काहीच लपवावयाचे नाही, असे त्यांनी तेव्हा ठरविले.

तो प्रसंग लवकरच आला. २००२ साली त्यांना गळ्यातील थायरॉइड ग्रंथीचा कर्करोग झाला. नंतर तो लाळेच्या ग्रंथीत व २००६ साली जबड्यात पसरला. जबड्याचा भाग काढून टाकावा लागला. शस्त्रक्रियेनंतर रुग्णालयातून घरी निघण्याच्या बेतात असतानाच गळ्यातील मोठी रक्तवाहिनी फुटली. ते अजून डॉक्टरांच्या हाताशी होते म्हणूनच वाचले. पुन्हा पुन्हा शस्त्रक्रिया झाल्या. शेवटी ह्या माणसाला ना बोलता येई, ना अन्न गिळता येई, ना पाण्याचा घोट घेता येई. पोटात घातलेल्या नळीतून अन्न द्यावे लागे. दूरचित्रवाणीवर बोलून ज्याने नाव मिळविले, त्याचाच आवाज गेला.

येथे आम्हांस ह्या जीवनातील सर्वांत मोठे वळण दिसते. एबर्ट थांबले नाहीत. त्यांनी लिहिणे वाढविले. संगणकाच्या यंत्रध्वनीतून ते बोलत, वहीवर लिहून संभाषण करीत. २०१० साली एका मासिकात आपला विद्रूप झालेला चेहरा त्यांनी छापू दिला. हे माझे तोंड, ते लपविण्याचे कारण नाही, अशी त्यांची भूमिका होती. त्याच वर्षी त्यांनी एक पुस्तक काढले, ते भात शिजविण्याच्या विजेच्या भांड्यावर व त्यात करावयाच्या पदार्थांवर! ज्याला शिताचा एक कणही तोंडात घालता येत नव्हता, तो दुसऱ्यांनी काय रांधून खावे हे आनंदाने सांगत होता. आपण ताटावर बसून मीठ कमी पडले म्हणून कुरकुरतो, त्या वेळी हे आठवावे. २०११ साली त्यांचे आत्मचरित्र प्रसिद्ध झाले. २०१२ ह्या एका वर्षात त्यांनी ३०६ चित्रपटांची परीक्षणे लिहिली. इतकी त्यांनी पूर्वी कोणत्याही वर्षी लिहिली नव्हती.

ह्याच काळातील, २००८ सालची ती चूक, जिच्यामुळे आम्हांस हा लेख लिहावासा वाटला. एका लहानशा, अल्प खर्चात काढलेल्या चित्रपटाची पहिली आठच मिनिटे पाहून एबर्ट ह्यांनी तो बंद केला व त्यावर प्रतिकूल परीक्षण लिहिले. आपण आठच मिनिटे पाहिली, हे त्यांनी लेखाच्या शेवटी सांगितले होते खरे. तरीही वाचकांनी त्यांना धारेवर धरले. एवढ्या मोठ्या परीक्षकास वाचकांकडे दुर्लक्ष करणे सोपे होते. त्यांनी तसे केले नाही. आपण चुकलो हे मान्य करून तो चित्रपट त्यांनी आरंभापासून शेवटपर्यंत पाहिला व दुसरे परीक्षण लिहिले. गंमत अशी की, पूर्ण पाहूनही त्यांना तो चित्रपट आवडला नाहीच. मत बदलले नाही. परंतु ते मत सांगण्याचा अधिकार मात्र आता त्यांना लाभला होता. ह्या दोहोंतील भेद ज्याला कळला त्याला न्याय म्हणजे काय ते कळले, असे आम्ही समजतो.

वेदीसेवकाचे शेवटचे दिवस

२००४ साली प्रभूच्या दुःखसहनावरील 'द पॅशन ऑफ द ख्राइस्ट' हा चित्रपट निघाला, तेव्हा एबर्ट ह्यांनी त्यास आपले सर्वोच्च चार तारे दिले. त्यातील हिंसा भयंकर आहे, हेही त्यांनी स्पष्ट बजावले. त्या परीक्षणात त्यांनी आपल्या लहानपणच्या प्रायश्चित्तकाळातील शुक्रवारांची आठवण काढली आहे. वेदीसेवक म्हणून क्रुसाच्या वाटेची एकेक स्थाने फिरत असताना जे दुःख नुसते शब्दांत ऐकले होते, ते येथे डोळ्यांनी पाहिले, असा त्याचा आशय. पोलंडमधील दिग्दर्शक किसलोव्स्की ह्यांनी दहा आज्ञांवरून दूरचित्रवाणीसाठी दहा चित्रपट केले होते. तेही एबर्ट ह्यांनी वर्गात विद्यार्थ्यांना शिकविले.

असे असूनही, १ मार्च २०१३ रोजी लिहिलेल्या एका लेखात त्यांनी सांगितले की, आपण स्वतःस कॅथलिक मानतो, परंतु देवावर विश्वास ठेवणे आपणांस जमत नाही. हे वाचून आमच्या मनास वेदना झाली. २ एप्रिल रोजी त्यांनी वाचकांना कळविले की, कर्करोग परतला आहे व आता काम थोडे कमी करावे लागेल. ४ एप्रिल २०१३ रोजी सत्तराव्या वर्षी त्यांचे निधन झाले. ८ एप्रिल रोजी शिकागोच्या होली नेम कॅथीड्रलमध्ये त्यांच्यावर अंत्यविधी झाला. ज्या वेदीभोवतीच्या मेणबत्त्यांत त्याचे बालपण गेले, तशाच वेदीपुढे त्याची शवपेटी आली.

त्यांच्या आत्म्याविषयी कोणी आमचे मत विचारील, तर आमच्याजवळ ते नाही. कोणाही मनुष्याच्या जीवनाची आपण फार तर आठ मिनिटे पाहतो. आरंभापासून अखेरपर्यंत पाहणारा एकटा परमेश्वर. आम्ही त्यांच्यासाठी एक मिस्सा अर्पण केली, एवढेच सांगतो.

ख्रिस्तसभेची शिकवण व आपली घरे

चित्रपटांविषयी ख्रिस्तसभेने प्रथमपासून विचार केलेला आहे. २९ जून १९३६ रोजी पोप अकरावे पायस ह्यांनी चित्रपटांवर एक खास परिपत्रक काढले. त्यापूर्वीच अमेरिकेतील कॅथलिकांनी सभ्यतेसाठी एक संघ स्थापिला होता. अनीतिमान चित्रपट पाहणार नाही, अशी शपथ लोक देवळात घेत व कोणता चित्रपट कोणत्या वर्गात मोडतो ह्याच्या याद्या प्रसिद्ध होत. एबर्ट ह्यांचे बालपण त्याच काळातले. त्या याद्यांनी कित्येक कुटुंबांना आधार दिला, ह्यात शंका नाही. परंतु ह्याच ख्रिस्तसभेने ४ डिसेंबर १९६३ रोजी दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेच्या संपर्कमाध्यमांवरील आदेशात आणखी एक पाऊल पुढे टाकले. पाहणाऱ्याने स्वतः विवेकाने निवड करावी, जाणत्यांचा सल्ला घ्यावा, तरुणांना त्याचे शिक्षण द्यावे व आईबापांनी घरावर लक्ष ठेवावे, असे तेथे सांगितले आहे. १९९५ साली, चित्रपटकलेस शंभर वर्षे झाली तेव्हा, व्हॅटिकनने स्वतःच ४५ चांगल्या चित्रपटांची यादी काढली. धर्म, मूल्ये व कला असे तिचे तीन विभाग. मूल्यांच्या विभागात 'गांधी' हा चित्रपटही आहे. ह्यावरून निषेधाइतकेच बऱ्याची वाट दाखविणे हेही आमचे कर्तव्य ठरते.

आपल्या मराठी मुलखाचे तर ह्या कलेशी विशेष नाते. 'राजा हरिश्चंद्र' हा चित्रपट १९१३ साली लोकांपुढे आणणारे दादासाहेब फाळके ह्यांना चित्रपट काढण्याची प्रेरणा मुंबईत ख्रिस्ताच्या जीवनावरील एक मूकपट पाहून झाली, हे प्रसिद्धच आहे. तेव्हा पडद्याची आम्हांस भीती वाटण्याचे कारण नाही. भीती वाटावी ती, आपण काय पाहतो ह्याचा विचारच न करण्याची.

पूर्वी तालुक्याच्या गावी चित्रपट पाहावयास जावयाचे तर घरात चर्चा होई, पैसे मोजले जात, आणि सर्वजण एकत्र जात. आज एकाच छपराखाली चौघे चार कोपऱ्यांत चार फोन घेऊन बसतात, व कोण काय पाहतो हे दुसऱ्यास ठाऊक नसते. अशा वेळी वेदीवरून दिलेली आज्ञा कितपत पुरेल? म्हणून एबर्ट ह्यांची एक रीत आम्ही येथे सुचवितो. कोलोरॅडोतील एका परिषदेत ते दरवर्षी एकच चित्रपट कित्येक तास दाखवीत. प्रेक्षकांपैकी कोणीही "थांबा" म्हणावे, चित्र तेथेच थांबे, आणि दिसलेल्या गोष्टीवर सर्वजण बोलत. आपल्या घरात आठवड्यातून एकदा, रात्रीच्या जपमाळेनंतर, असे का करू नये? सर्वांनी मिळून एक चांगला चित्रपट पाहावा. मुलाने "थांबा" म्हटले तर थांबावे. हा माणूस असा का वागला, ह्या बाईवर अन्याय झाला की नाही, आपण त्या जागी असतो तर काय केले असते, हे विचारावे. आईबापांनी उत्तर देण्याची घाई करू नये, प्रथम ऐकावे. आणि जे लज्जास्पद आहे ते सर्वांसमक्ष पाहण्याचे धैर्य सहसा कोणास होत नाही, हा आणखी एक लाभ.

आणि अंगठा वर किंवा खाली करण्यापूर्वी, मग तो चित्रपटाविषयी असो, शेजाऱ्याच्या सुनेविषयी असो, की गावात कोणीतरी पाठविलेल्या कुजबुजीविषयी असो, एकच प्रश्न स्वतःस विचारावा, "मी हे पाहिले आहे का?"

त्या आजीबाईंची हकीकत पुरी करावयाची राहिली. नंतरच्या आठवड्यात आम्ही बस धरून शहरात गेलो व तिकीट काढून तो चित्रपट आरंभापासून शेवटपर्यंत पाहिला. त्यातील दोन प्रसंग लहान मुलांनी पाहण्याजोगे नव्हते, ही आमची शंका खरी ठरली. परंतु त्यात एका मुलाने आजारी बापाची केलेली सेवाही होती, व ती पाहताना आमचे डोळे ओले झाले. रविवारी प्रवचनापूर्वी आम्ही हे सारे जसेच्या तसे सांगितले, आणि न पाहता बोललो ह्याबद्दल लोकांची क्षमा मागितली. देवळात क्षणभर कोणी हालले नाही.

दाराशी आजी भेटल्या. आम्ही विचारले, "आता बरं का, आजी?" त्या हसल्या व म्हणाल्या, "बरं, फादर. पण पुढच्या वेळी जाताना मलाही न्या."